दुर्बिणीचा हट्ट इथे नको

प्रश्न : आदरणीय डॉक्टर मॅडम, आम्ही निफाड तालुक्यातले द्राक्षबागायतदार, एकत्र कुटुंब. माझ्या मोठ्या जाऊबाई ४६ वर्षांच्या आहेत. संबंधांनंतर रक्त जातं हे त्यांनी बरेच महिने कुणाला सांगितलं नाही. शेवटी मला सांगितलं, आणि मीच त्यांना नाशिकला घेऊन आले. बायोप्सीत गर्भपिशवीच्या तोंडाचा कॅन्सर निघाला. एमआरआयमध्ये गाठ २.८ सेंटिमीटरची आहे, बाजूला पसरलेली नाही, 'स्टेज आयबी-टू', म्हणजे सुरुवातीचाच टप्पा आहे असं म्हणाले. एका डॉक्टरांनी पोट उघडून मोठं ऑपरेशन सांगितलं. दुसरीकडे सांगितलं, दुर्बिणीने करू, हवं तर रोबोटने करू, तीन दिवसांत घरी. मोठे दीर दुर्बिणीवर अडून बसलेत, कारण शेजारच्या काकूंची पिशवी दुर्बिणीने काढली आणि त्या पंधरवड्यात बागेत दिसायला लागल्या. पहिले डॉक्टर जुन्या वळणाचे आहेत, असं त्यांचं म्हणणं. पैशांकडे बघायचं नाही, असंही म्हणतात. सासूबाई म्हणतात, कॅन्सरला चाकू लावूच नका, पसरतो. त्यात माल काढणीला आलाय, म्हणून दोन महिने थांबायचंही चाललंय. जाऊबाईंना फक्त 'पिशवीला गाठ आहे' एवढंच सांगितलंय. मी धाकटी, माझं कोण ऐकणार? पण बरोबर काय ते मला तरी कळू द्या.
— धाकटी जाऊ, निफाड तालुका

उत्तर :

प्रिय ताई,

तुमच्या घरात ज्यांना जुन्या वळणाचं ठरवलंय, ते डॉक्टर आजच्या घडीचं बोलताहेत. तुम्ही लिहिलेले रिपोर्ट बरोबर असतील, तर तुमच्या जाऊबाईंसाठी पोट उघडून केलेली शस्त्रक्रिया हाच प्रमाण मानला गेलेला मार्ग आहे. मी त्यांना तपासलेलं नाही, त्यामुळे शेवटचा शब्द त्यांना तपासणाऱ्यांचा. पण दुर्बीण की उघडं ऑपरेशन एवढ्याच प्रश्नावर माझं मत विचारलंत, तर मला उत्तर द्यायला वेळ लागत नाही.

दिरांचंही मला नवल वाटत नाही. पित्ताशय, अपेंडिक्स, गर्भपिशवीतल्या साध्या गाठी, सगळीकडे दुर्बिणीने माणसाचा त्रास कमी केलाय. मग कॅन्सरला का नाही, असं कुणालाही वाटेल. डॉक्टरांनाही वाटलंच होतं. हे मोठं ऑपरेशन व्हिएन्नाच्या वर्टहाइम यांनी १८९८ सालापासून रुळवलं, आणि आजही बरेच डॉक्टर बोलताना 'वर्टहाइम' म्हणतात ते त्यांच्याच नावावरून. पुढे सुमारे शंभर वर्षं ते बहुतेक पोट उघडूनच होत राहिलं. मग दुर्बीण आली. आपल्या पुण्यातल्या शल्यचिकित्सकांनी तर दुर्बिणीतून हे ऑपरेशन करायची स्वतःची पद्धत बसवली आणि २००७ साली २४८ रुग्णांचा अनुभव छापला. जगभर तिचं नाव 'पुणे टेक्निक' असं झालं. रक्तस्राव कमी, मुक्काम कमी, टाके जवळजवळ नाहीत. हातात कसब होतं, हेतूही चांगला होता. फक्त एक गोष्ट कुणी नीट तपासली नव्हती : दोन्ही प्रकारे ऑपरेशन केलेल्या बायकांत चार-पाच वर्षांनी कॅन्सर परत येण्याचं प्रमाण सारखंच असतं का?

ती तपासणी २०१८ साली पुढे आली. अनेक देशांतल्या ३३ केंद्रांत सुरुवातीच्या टप्प्यातल्या ६३१ बायका घेतल्या. कुणाला दुर्बीण आणि कुणाला उघडं ऑपरेशन हे डॉक्टरांच्या मर्जीवर न ठेवता चिठ्ठी टाकल्यासारखं ठरवलं. साडेचार वर्षांनी उघड्या ऑपरेशनच्या गटात शंभरातल्या ९६ ते ९७ जणी आजारमुक्त होत्या. दुर्बिणीच्या गटात ८६. मृत्यू उघड्या ऑपरेशनच्या गटात ३, दुर्बिणीच्या गटात १९. सगळ्यांना अपेक्षा होती की दोन्ही सारखेच निघतील. फरक इतका दिसायला लागला की नवीन रुग्ण घेणं मध्येच थांबवावं लागलं. २०२४ मध्ये त्याच रुग्णांचा अखेरचा हिशेब आला, तोही त्याच दिशेचा होता.

हे आकडे मी मुद्दाम इतके सविस्तर देतेय, कारण घरात हे तुम्हालाच मांडावं लागणार आहे. आणि मांडलंत की समोरून काय येईल तेही मला ठाऊक आहे.

पहिलं येईल, 'तिथले डॉक्टर शिकाऊ असतील.' नव्हते. भाग घेणाऱ्या प्रत्येक केंद्राला आधी केलेल्या किमान दहा शस्त्रक्रियांची माहिती आणि काटछाट न केलेले दोन व्हिडिओ द्यावे लागले होते.

दुसरं येईल, 'ते दुर्बिणीचं झालं, आपण रोबोट घेऊ.' त्याच सुमाराला अमेरिकेत आधीच होऊन गेलेल्या शस्त्रक्रियांच्या नोंदी तपासल्या गेल्या, २,४६१ बायकांच्या. तिथे लहान छेदाच्या बहुतेक शस्त्रक्रिया रोबोटनेच झालेल्या होत्या. चार वर्षांतल्या मृत्यूंचं प्रमाण त्यांच्यात ९.१ टक्के आणि उघड्या शस्त्रक्रियेत ५.३ टक्के निघालं. ही चिठ्ठी टाकून केलेली तपासणी नव्हे, म्हणून तिचं वजन थोडं कमी. तरी रोबोट घेतला की धोका टळला, असं म्हणायला आधार नाही. रोबोट स्वतः काही करत नाही, त्याचे हात हलवणारे सर्जनच असतात.

तिसरं येईल, 'एवढं पोट फाडून बाई खचून जाईल.' हे मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं, कारण दिरांच्या हट्टामागे बायकोची काळजीच असणार. त्याच तपासणीत बायकांना ऑपरेशननंतर सहा आठवड्यांनी आणि तीन महिन्यांनी विचारलं गेलं होतं, कशा आहात, कामं जमतात का, मन कसं आहे. दोन्ही गटांत म्हणण्यासारखा फरक आढळला नाही. पहिले काही दिवस उघड्या ऑपरेशनचे जड जातात हे खरं. पण तिमाहीत दोघी एकाच जागी येतात.

असं का होत असावं? पक्कं उत्तर अजून नाही, संशय मात्र काही ठराविक गोष्टींवर आहे. दुर्बिणीच्या ऑपरेशनात पिशवी आतून हलवायला खालून एक दांडीसारखं उपकरण घालतात, त्याला मॅनिप्युलेटर म्हणतात. ते जातं नेमकं पिशवीच्या तोंडातून, म्हणजे जिथे कॅन्सर बसलाय तिथूनच. पिकलेला घड देठाला धरायचा सोडून मण्यांना धरला तर काय होतं, हे बागाईतदाराच्या घरात मी सांगायला नको. त्यात पोट गॅसने फुगवलेलं असतं, आणि शेवटी योनीमार्ग पोटाच्या आतूनच कापला जातो, त्यामुळे गाठ काही वेळ पोटाच्या पोकळीत उघडी पडते. युरोपातल्या एका मोठ्या पाहणीत, जिथे मॅनिप्युलेटर वापरला नव्हता किंवा कापण्याआधी योनीचा वरचा भाग शिवून गाठ झाकून घेतली होती, तिथले निकाल उघड्या ऑपरेशनच्या जवळ जाणारे होते. त्यावरून काही सर्जन आज म्हणतात, आम्ही अशीच काळजी घेतो. त्यांचं म्हणणं खोटं नाही. पण ती पाहणीही जुन्या नोंदींवरची आहे, आणि तुमच्या जाऊबाईंची गाठ दोन सेंटिमीटरच्या पुढे आहे. युरोपच्या मार्गदर्शक सूचना दुर्बिणीला थोडी वाट ठेवतात ती दोन सेंटिमीटरपेक्षा लहान, कमी धोक्याच्या गाठींपुरती, तीही असं काम भरपूर होतं अशाच केंद्रांत. २.८ त्यात बसत नाही.

शेजारच्या काकूंचं सांगते. त्यांची पिशवी बहुधा फायब्रॉइडसाठी किंवा जास्त रक्तस्रावासाठी काढली असेल. ते ऑपरेशन वेगळं. त्यात फक्त पिशवी काढायची असते. अगदी पिशवीच्या आतल्या अस्तराचा कॅन्सर असला, तरी तिथे दुर्बीण चालते, चालते म्हणजे पसंतच करतात, कारण तिथे अशाच चिठ्ठी टाकून केलेल्या तपासण्यांत दोन्हींचे निकाल सारखे आले. म्हणजे अवयव एकच, पण कॅन्सर पिशवीच्या तोंडाचा की अस्तराचा, यावर उत्तर उलटं होतं. दिरांना हे सांगा. माझ्या अनुभवात माणसं आकड्यांपेक्षा अशा फरकाने लवकर मानतात.

आता सासूबाईंची भीती. चाकू लागल्याने कॅन्सर पसरतो हे खरं नाही. वेळेत आणि नीट केलेल्या ऑपरेशनने या टप्प्यातल्या बहुसंख्य बायका बऱ्या होतात, वरचे आकडे त्याचीच साक्ष देतात. तरी त्यांच्या बोलण्याला हसू नका. गाठीला न छेडता, सगळ्या बाजूंनी निरोगी भाग राखून ती अखंड काढायची असते, आणि उघडं ऑपरेशन करणारे नेमकं तेच करतात. त्यांना असं सांगितलंत तर कदाचित त्याच तुमच्या बाजूने उभ्या राहतील. आणि सासूबाई एकदा तुमच्या बाजूला आल्या की घरात धाकटी-थोरली हा प्रश्न उरणार नाही.

चाकू अजिबात नको असेल, तर त्यालाही एक खरा पर्याय आहे आणि तो तुम्हाला कुणी सांगितलेला दिसत नाही. या टप्प्यात ऑपरेशनऐवजी सुरुवातीपासून रेडिएशन, म्हणजे आपल्याकडे 'लाइट घेणं' म्हणतात ते, देऊनही रुग्ण तितक्याच बऱ्या होतात. इटलीत १९९७ साली छापलेल्या एका तुलनेत पाच वर्षांनी जगलेल्यांचं प्रमाण दोन्हीकडे ८३ टक्के होतं. मग ऑपरेशन का सुचवतात? ४६ व्या वर्षी बीजाशय अजून काम करत असतात. ऑपरेशनात ते बहुतेक वेळा जागेवर ठेवता येतात, रेडिएशनने ते बंद पडतात आणि पाळी एकदम जाते. योनीमार्ग कोरडा आणि अरुंद होणं, मूत्राशयाला आणि आतड्याला होणारा त्रास, हेही पुढे वर्षानुवर्षं राहू शकतं. पण एमआरआयमध्ये ओटीपोटातल्या लसीका ग्रंथी, म्हणजे कॅन्सर पसरला तर आधी जिथे पोचतो त्या, सुजलेल्या दिसत असतील, तर ऑपरेशन करून वर पुन्हा लाइट देण्यापेक्षा सरळ किमोसोबत लाइट दिलेलं बरं. दोन्ही उपचारांचे त्रास एकाच अंगावर घेणं सगळ्यात वाईट. म्हणून पहिल्या डॉक्टरांना हे जरूर विचारा : 'ग्रंथींचं काय दिसतंय? ऑपरेशननंतर लाइट घ्यावी लागण्याची शक्यता किती?'

याच ओघात एक टाळण्यासारखी गोष्ट. 'आधी किमो देऊन गाठ लहान करू, मग दुर्बिणीने काढू' असंही कुणी सुचवेल. मुंबईच्या टाटा हॉस्पिटलने थोड्या मोठ्या गाठींच्या ६३५ रुग्णांवर आधी किमो आणि मग ऑपरेशन असं करून पाहिलं आणि त्याची तुलना किमोसोबतच्या लाइटशी केली. २०१८ मध्ये निकाल आला. पाच वर्षांनी आजारमुक्त राहिलेल्या ६९ टक्के आणि ७७ टक्के. लाइटची बाजू सरस ठरली. दुर्बीण जमावी म्हणून किमो, हे तर मला मुळीच पटणारं नाही.

प्रत्यक्ष ऑपरेशनबद्दल थोडं, म्हणजे जाऊबाईंना आणि तुम्हालाही आधी कल्पना असेल. पिशवीबरोबर तिच्या दोन्ही बाजूंचा आधाराचा भाग, योनीमार्गाचा वरचा तुकडा आणि ओटीपोटातल्या ग्रंथी काढतात. किडनीकडून येणाऱ्या लघवीच्या नळ्या याच भागातून जातात, त्या सोडवून घ्याव्या लागतात. म्हणून हे काम स्त्रियांच्या कॅन्सरचीच शस्त्रक्रिया करणाऱ्या सर्जनकडेच द्यायचं, ऑपरेशन उघडं असो वा दुर्बिणीचं. दवाखान्यात साधारण आठवडा जाईल. मूत्राशयाच्या नसांना धक्का बसतो, त्यामुळे लघवीची नळी घरी गेल्यावरही काही दिवस ठेवावी लागू शकते. ती काढल्यावर लघवीची भावना मंद असते, घड्याळ बघून जायची सवय लावावी लागते. बद्धकोष्ठ होतो. काहींच्या पायाला पुढे सूज येते. नवरा-बायकोचे संबंध दोन-तीन महिन्यांनी पुन्हा सुरू करता येतात, पण योनीमार्ग थोडा आखूड झालेला असतो, हे दोघांनाही आधी सांगायला हवं. हे तुम्हीच त्यांना सांगा, कारण रक्त जातंय हेही त्यांनी तुम्हालाच सांगितलं होतं. सहा ते आठ आठवडे जड उचलायचं नाही, क्रेटला तर हात लावायचा नाही.

काढणीपर्यंत थांबायचं का? नाही. उद्या सकाळीच टेबलावर घ्या असंही नाही. दुसरं मत घ्यायला, स्लाइड पुन्हा तपासून घ्यायला, पैशांची जुळणी करायला दोन-तीन आठवडे लागले तर काही बिघडत नाही. माल मजुरांकडून खुडला जाईल, व्यापारी थांबेल किंवा दुसरा मिळेल. २.८ सेंटिमीटरची गाठ चारच्या पुढे गेली तर ऑपरेशनचा पर्याय बहुधा हातातून जाईल.

दुसऱ्या मताला मुंबईचं टाटा सगळ्यांच्या तोंडी असतं, ते योग्यच आहे. नाशिकरोडहून सकाळच्या पंचवटीने दादरला उतरलात की परळ जवळ आहे. जाताना नुसते कागद नेऊ नका. बायोप्सीच्या काचेच्या स्लाइड आणि मेणाचे ब्लॉक पॅथॉलॉजी लॅबमधून मागून घ्या. एमआरआयची सीडीही घ्या. ही तयारी नसली तर पहिला हेलपाटा वाया जातो. नाशिकमध्येच बघायचं असेल तर शालिमारला शासनाचं विभागीय संदर्भ सेवा रुग्णालय आहे, तिथे कॅन्सरचे उपचार होतात.

पैशांकडे बघायचं नाही असं दीर म्हणतात, ते मोठ्या मनाचं आहे. पण महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत कॅन्सरची शस्त्रक्रिया, किमो आणि लाइट येतात, आणि कुटुंबाला वर्षाला पाच लाखांपर्यंतचं संरक्षण आहे. योजनेतल्या रुग्णालयात आरोग्यमित्र बसलेले असतात. रेशनकार्ड आणि आधार घेऊन भरती होण्याआधीच त्यांना भेटा, नंतर नको. रोबोटच्या पॅकेजसाठी बाजूला काढलेले पैसे पुढे प्रवासाला, तपासण्यांना, घरी कामाला बाई ठेवायला लागतील.

आता जाऊबाईंना न सांगण्याबद्दल. यात मी तुमच्या घराच्या बाजूने अजिबात नाही. ऑपरेशनच्या संमतीपत्रावर सही त्यांनाच करायची आहे. पिशवीची साधी गाठ म्हणून टेबलावर गेलेली बाई नंतर दहा दिवस लघवीची नळी बघून काय समजेल? आणि त्यांना कळलेलं नाही, हे तरी कशावरून? महिनोन्‌महिने रक्त जाताना त्या रात्री जागून काय विचार करत असतील, तुम्हीच सांगा. 'बरा होण्याच्या टप्प्यात सापडलाय' हे वाक्य त्यांच्या कानावर पडायला हवं, आणि ते कॅन्सरचं नाव घेतल्याशिवाय पडूच शकत नाही. मोठ्या दिरांनी सांगितलं तर उत्तम. नाही जमलं तर डॉक्टरांना सांगा, तुमच्या समोर त्यांना नीट समजावून द्या. दुर्बीण की उघडं, हेही त्यांना विचारा. वाद सगळं घर घालतंय आणि पोट त्यांचं आहे.

सासूबाई किंवा आणखी कुणी ताटवाटी वेगळी करायला लागलं तर तिथेच थांबवा. कॅन्सर एकाकडून दुसऱ्याला जात नाही. त्याला कारण होणारा एचपीव्ही विषाणू संबंधांतून पसरतो, आणि तो इतका सर्रास आहे की त्यावरून कुणाच्या चारित्र्याचा काही बोध होत नाही. जाऊबाईंच्या नाही, दिरांच्याही नाही.

तुमचं काय? तुम्ही वय लिहिलेलं नाही. तीस ओलांडली असेल तर एचपीव्हीची तपासणी करून घ्या. योनीतून कापसाच्या काडीने नमुना घेतात, पाच मिनिटांचं काम आहे, दुखत नाही. आपल्याच उस्मानाबाद जिल्ह्यात, म्हणजे आताच्या धाराशिवमध्ये, बार्शीच्या कॅन्सर रुग्णालयाने खेड्यापाड्यांतल्या बायकांची ही तपासणी केली होती. २००९ साली निकाल छापले, आयुष्यात एकदाच झालेल्या या तपासणीने या कॅन्सरचे मृत्यू निम्म्यावर आले होते. घरात ९ ते १४ वयाच्या मुली असतील तर त्यांना एचपीव्हीची लस द्या, पुण्याच्या सिरमची आता मिळते. जाऊबाईंच्या ऑपरेशनसाठी नाशिकला याल, त्याच खेपेत तुमची तपासणी उरकून घ्या, नाहीतर काढणीनंतर छाटणी, छाटणीनंतर फवारणी, असं ते वर्षभर पुढे जाईल.